कोच टीव्हीवर जातो तेव्हा नक्की काय बदलतं

२०१४ च्या सप्टेंबरअखेर न्यू इंग्लंड पेट्रियट्स हा अमेरिकन फुटबॉलचा तगडा संघ कॅन्सस सिटीकडून ४१-१४ असा सडकून हरला. त्याच आठवड्यात पत्रकारांनी त्यांचा कोच बिल बेलिचिक याला घेरलं. काय चुकलं, क्वार्टरबॅक (चेंडू फेकून चाल चालवणारा मुख्य खेळाडू) टॉम ब्रेडी ३७ वर्षांचा झाला त्याचं काय, संघ कमी पडतोय का. आणि हा गडी फिरून फिरून एकच सांगतोय, आता आमची मॅच सिनसिनाटीशी आहे. पुन्हा प्रश्न, पुन्हा सिनसिनाटी. चेहरा असा की नुकतंच कोणीतरी एरंडेल पाजलंय. (त्याच सीझनला ते चॅम्पियन झाले, पण ते सोडा.)

आता दहा वर्षं पुढे चला. जानेवारी २०२४ मध्ये, २४ सीझन आणि सहा सुपर बोल (एनएफएल या व्यावसायिक लीगची फायनल) जिंकल्यावर, बेलिचिक पेट्रियट्समधून बाहेर पडला आणि त्या सीझनला टीव्ही लावला की हाच. सोमवारी रात्री पेटन आणि इलाय या मॅनिंग बंधूंच्या (दोघेही माजी क्वार्टरबॅक) शोमध्ये हा, पॅट मॅकफीच्या शोमध्ये हा, इन्साइड द एनएफएलमध्येही हाच, आणि बोलतोय, म्हणजे चक्क बोलतोय, हसतोय, बचावातला खेळाडू दोन पावलं आत का सरकला ते रंगवून सांगतोय. ज्यांनी इतकी वर्षं त्याच्या तोंडून एक धड वाक्य काढायला जीव टाकला त्या बोस्टनच्या पत्रकारांनी कपाळावर हात मारला असेल. आणि मग डिसेंबरमध्ये, तो सीझन संपायच्याही आत, हा माणूस नॉर्थ कॅरोलायना युनिव्हर्सिटीचा कोच म्हणून परत मैदानावर.

कोच टीव्हीवर गेला की आपल्याला वाटतं संपलं आता, म्हातारपणाची सोय झाली, एसीत बसून गप्पा मारायच्या. पण अमेरिकेत हे प्रकरण तेवढं सरळ नाहीये, त्यात पैसा आहे, कॉन्ट्रॅक्टची कलमं आहेत, आणि सगळ्यात मोठी गंमत म्हणजे ज्या माणसाने आयुष्यभर गोष्टी लपवायची नोकरी केली त्याला आता त्याच गोष्टी उघड करायचे पैसे मिळणार असतात. हे सगळ्यांना जमत नाही, आणि का जमत नाही हे कळायला आधी थोडा खेळ समजून घ्यावा लागेल.

अमेरिकन फुटबॉल म्हणजे गोल मारायचा फुटबॉल नाही, हा हेल्मेटवाला. दोन्हीकडे अकरा-अकरा जण, एक चाल खेळली जाते, ती चार-सहा सेकंदांत संपते, सगळे उठतात, अंग झटकतात, आणि पुढच्या चालीची तयारी सुरू. या दोन चालींच्या मधे साधारण ४० सेकंदांचं घड्याळ पळत असतं. तीन तासांच्या प्रक्षेपणात चेंडू खरोखर खेळात असतो तो वेळ वॉल स्ट्रीट जर्नलने २०१० मध्ये मोजला होता, तो निघाला जेमतेम ११ मिनिटं! बाकी काय? जाहिराती, रीप्ले, आणि खेळाडूंनी नुसतं उभं राहणं. म्हणजे हा खेळ टीव्हीवर विकायचा तर त्या मधल्या रिकाम्या जागेत कोणीतरी बोलायला लागणार, आणि नुसतं बोलून भागत नाही, आत्ता काय झालं ते समजावून सांगायला लागणार, कारण बावीस माणसं एकमेकांवर आदळल्यावर घरी बसलेल्याला घंटा काही कळत नाही.

म्हणून कॉमेंट्री बॉक्समध्ये दोन खुर्च्या असतात. एक प्ले-बाय-प्लेवाला, तो काय झालं ते सांगतो, चेंडू कोणाकडे गेला, किती यार्ड मिळाले. दुसरा अॅनालिस्ट, तो का झालं ते सांगतो. पहिली खुर्ची बहुतेक वेळा आवाजाच्या धंद्यातल्या माणसाची, दुसरी माजी खेळाडू किंवा माजी कोचची. याशिवाय स्टुडिओतलं लांब टेबल असतं जिथे मॅचच्या आधी, मधे आणि नंतर चार-पाच जण बसून मतं ठोकतात. स्टुडिओचं काम सोपं, मॅचचं अवघड. हे माझं मत आहे, पण बॉक्समध्ये वाक्य मधेच तोडायची वेळ येते ती स्टुडिओत येत नाही एवढं तरी मान्य व्हावं.

ही दुसरी खुर्ची आजच्या रूपात घडवली ती जॉन मॅडनने. त्याच्यावर जरा थांबतो, कारण त्याच्याशिवाय हा विषय पुढे सरकतच नाही. १९६९ मध्ये वयाच्या ३२ व्या वर्षी तो ओकलंड रेडर्सचा हेड कोच झाला. दहा सीझन, १०३ विजय, ३२ पराभव, ७ बरोबरी. जानेवारी १९७७ मध्ये मिनेसोटाला ३२-१४ ने हरवून सुपर बोल. आणि १९७८ चा सीझन संपल्यावर, वय फक्त ४२, हा बाबा म्हणाला बास. पोटात अल्सर, डोक्यावर ताण, आणि पुन्हा कधीही कोच झाला नाही. लोकांनी परत बोलवायचे प्रयत्न केले असतील नसतील, तो गेला नाही हे महत्त्वाचं, का ते पुढे सांगतो.

१९७९ मध्ये सीबीएस या चॅनलने त्याला माइक दिला. मॅडनने काय केलं तर कोचिंगच्या खोलीतली पद्धत उचलून बॉक्समध्ये आणली. कोच लोक मॅचचं फिल्म बघतात, त्यात टीव्हीसारखा चेंडूच्या मागे पळणारा कॅमेरा नसतो, वरून लांबून घेतलेलं चित्र असतं, ज्यात बावीसच्या बावीस जण एकदम दिसतात. (याला ऑल-ट्वेंटीटू म्हणतात.) मॅडन मॅचच्या आधी हे फिल्म बघायचा, प्रॅक्टिसला जाऊन उभा राहायचा, आणि मग बॉक्समध्ये चेंडू सोडून भलतीकडेच बघायचा. सगळे चेंडू पकडणाऱ्याचं कौतुक करतायत आणि हा सांगतोय की ते सोडा, तो डावीकडचा जाडा गार्ड बघा, त्याने तो माणूस आडवा केला नसता तर काहीच झालं नसतं. चिखलात लोळणाऱ्या लाइनमनचं (पुढच्या फळीत उभं राहून समोरच्याला अडवणारे) इतकं कौतुक टीव्हीवर क्वचितच झालं असेल.

आणि त्यासाठी त्याच्या हातात एक हत्यार होतं, टेलिस्ट्रेटर. स्क्रीनवर बोटाने किंवा पेनने रेघा मारायचं यंत्र, म्हणजे कोचच्या खोलीतला फळा थेट लोकांच्या टीव्हीवर. जानेवारी १९८२ च्या सुपर बोलमध्ये मॅडनने ते वापरलं, आणि ती मॅच सॅन फ्रान्सिस्को विरुद्ध सिनसिनाटी अशी होती (पुन्हा सिनसिनाटी!), आणि तिचं ४९.१ हे रेटिंग (म्हणजे टीव्ही असलेल्या शंभरातल्या एवढ्या घरांत ती लागली होती) आजही सुपर बोलमधलं सगळ्यात वरचं आहे. तो पिवळ्या रेघा मारायचा, गोल काढायचा, बाण काढायचा आणि तोंडाने "बूम", "व्हॅप" असले आवाज काढायचा. आता हे बालिश वाटतं ऐकायला, पण विचार करा, कोचिंगची अख्खी भाषा सामान्य माणसाच्या डोक्यावरून जाणारी, तिचं भाषांतर त्याने एका "बूम" मध्ये केलं.

ही भाषा किती अवघड असते याचं एक उदाहरण. जॉन ग्रुडन नावाचा कोच, ज्याच्याकडे आपण परत येणार आहोत, त्याची टीव्हीवर गाजलेली एक चाल होती, स्पायडर टू वाय बनाना. ऐकून काय कळतं? काही नाही. उलगडून बघा. स्पायडर टू म्हणजे क्वार्टरबॅकला वाचवायला पुढच्या फळीने कसं अडवायचं त्याचं नाव. वाय म्हणजे टाइट एंड, जो अडवतो पण आणि चेंडू पकडतो पण असा दुहेरी कामाचा माणूस. बनाना म्हणजे त्याने पळायचं कसं, तर सरळ न जाता केळ्यासारखं वळत बाहेर. आधी चेंडू घेऊन पळायचं नाटक करायचं, बचाव आत ओढला गेला की पास टाकायचा. झालं. चार शब्दांत सगळ्यांचं काम वाटून दिलं. मैदानावर हे नाव ओरडायचं असतं, टीव्हीवर ते सोलून दाखवायचं असतं, आणि इथेच अर्धे कोच गळतात, कारण वीस वर्षं ज्यांच्याशी तो बोलला त्या सगळ्यांना ही भाषा येतच होती. आपल्याला इतकं सोपं वाटणारं दुसऱ्याला कळत नाही हे त्याच्या लक्षातच येत नाही, शाळेतले गणिताचे काही हुशार सर आठवा.

दुसरी अडचण वेळेची. ४० सेकंदांतले पहिले काही सेकंद प्ले-बाय-प्लेवाल्याचे, मग रीप्ले येतो, आणि पुढची चाल सुरू व्हायच्या आत अॅनालिस्टने तोंड बंद केलेलं असलं पाहिजे. हाताशी उरतात दहा-पंधरा सेकंद. गंमत म्हणजे कोचला हे बंधन नवीन नाही. एनएफएलमध्ये १९९४ पासून कोचचा आवाज रेडिओवरून थेट क्वार्टरबॅकच्या हेल्मेटमध्ये जातो (त्या हेल्मेटवर मागे हिरवा ठिपका असतो) आणि घड्याळात १५ सेकंद उरले की तो रेडिओ आपोआप कट होतो. पण तिथे तो आज्ञा देत असतो. इथे त्याच्याच कानात प्रोड्यूसर बोलत असतो, हा रीप्ले येतोय, त्याच्यावर बोल, आता जाहिरात, दहा, नऊ, आठ, आणि साहेबांनी ते ऐकत ऐकत लोकांशी बोलणं चालू ठेवायचं. ज्याच्या हेडसेटवर अख्खा संघ हलायचा त्याच्या कानात आता प्रक्षेपणाच्या ट्रकमध्ये बसलेलं कोणीतरी मोजतंय. हा बदल पचायला वेळ लागतो.

आता पैशाचं बघू, कारण लोक टीव्हीवर जातात त्याला नुसती आवड कारणीभूत नसते.

समजा एका कोचचं वर्षाला ८० लाख डॉलरचं कॉन्ट्रॅक्ट आहे, तीन वर्षं बाकी आहेत आणि मालकाने त्याला हाकललं. साधारणपणे ते पैसे गॅरंटीड असतात, म्हणजे घरी बसूनही मिळतात. पण बऱ्याच कॉन्ट्रॅक्टमध्ये ऑफसेट नावाचं कलम असतं, तू दुसरीकडे ५० लाखांवर कोच म्हणून लागलास तर आम्ही फक्त वरचे ३० लाख देणार. म्हणजे बघा, तो दुसरीकडे जाऊन रात्रंदिवस राबला तरी हातात ८० च, आणि नाही राबला तरी ८० च. मग कशाला घाई करायची? टीव्हीच्या पैशांची वजावट होते की नाही हे ज्याच्या त्याच्या कॉन्ट्रॅक्टवर, पण एक-दोन वर्षं स्टुडिओत काढायची, चेहरा लोकांसमोर ठेवायचा, जुन्या मालकाचा चेक येऊ द्यायचा आणि चांगली जागा निघेपर्यंत थांबायचं, हा हिशोब अगदी व्यवहारी आहे. कॉलेज फुटबॉलमध्ये तर आकडे डोळे पांढरे करतात, टेक्सस ए अँड एम युनिव्हर्सिटीने नोव्हेंबर २०२३ मध्ये कोच जिंबो फिशरला काढलं तेव्हा त्याला द्यायची रक्कम साडेसात कोटी डॉलरहून जास्त होती. काम न करण्याचे!

याच्या उलट प्रकार म्हणजे स्वतःहून सोडलेला कोच. शॉन पेटनने जानेवारी २०२२ मध्ये न्यू ऑर्लिन्स सेंट्स सोडलं आणि फॉक्स चॅनलच्या स्टुडिओत जाऊन बसला. पण त्याचं कॉन्ट्रॅक्ट संपलेलं नव्हतं, त्यामुळे कोच म्हणून त्याच्यावरचा हक्क सेंट्सचाच राहिला. २०२३ मध्ये डेन्व्हर ब्रॉन्कोजला तो हवा झाला तेव्हा त्यांना सेंट्सला पहिल्या फेरीचा एक आणि दुसऱ्या फेरीचा एक ड्राफ्ट पिक द्यावा लागला (ड्राफ्ट पिक म्हणजे कॉलेजमधून आलेला नवा खेळाडू निवडायचा हक्क), आणि पेटनसोबत तिसऱ्या फेरीचा एक पिक परत मिळाला. म्हणजे अख्खं वर्ष टाय लावून टीव्हीवर हसत होता तो माणूस कागदोपत्री दुसऱ्याची मालमत्ता होता.

आता मुद्द्याची गोष्ट, प्रामाणिकपणा. मॅचच्या आधी एक-दोन दिवस प्रोडक्शन मीटिंग होते, कॉमेंट्री करणारे दोन्ही संघांच्या कोचला आणि काही खेळाडूंना भेटतात, आणि तिथे बऱ्यापैकी मोकळेपणाने बोललं जातं, अमक्याचा गुडघा दुखतोय, आज एक नवीन चाल ठेवलीय, वगैरे. अट एकच, हे मॅच सुरू होण्याआधी बाहेर फुटायचं नाही. सगळा कारभार विश्वासावर. म्हणूनच टॉम ब्रेडी २०२४ मध्ये फॉक्सचा अॅनालिस्ट झाला आणि त्याच वर्षी लास व्हेगस रेडर्सचा छोटा भागीदार मालकही झाला, तेव्हा लीगने त्याला पहिल्या सीझनला या मीटिंगांना बसूच दिलं नाही. ब्रेडी कोच नाही, खेळाडू होता, पण प्रश्न तोच आहे, तू सांगणारा आहेस की स्पर्धक?

परत कोच व्हायची इच्छा असलेला अॅनालिस्ट हा असाच अर्धा स्पर्धक असतो. फक्त कागदावर तसं लिहिलेलं नसतं. जो मालक उद्या आपल्याला नोकरी देऊ शकतो त्याच्या संघाची सालटी कोण काढणार? ज्या क्वार्टरबॅकला उद्या कोच करायचंय त्याला आज टीव्हीवर गाढव कोण म्हणणार? ग्रुडनवर हीच टीका व्हायची. टॅम्पा बे बकनिअर्सला सुपर बोल जिंकून दिलेला हा कोच २००९ मध्ये तिथून हाकलला गेला आणि त्याच वर्षी ईएसपीएनच्या मंडे नाइट फुटबॉलवर आला, नऊ सीझन राहिला, बोलायला एकदम झकास, ऊर्जा भरपूर, पण त्याच्या तोंडी सगळेच खेळाडू भारी, सगळेच कोच ग्रेट. दर वर्षी बातमी यायची, ग्रुडन परत जाणार. २०१८ मध्ये गेला, रेडर्सकडे, बातम्यांप्रमाणे दहा वर्षांचं १० कोटी डॉलरचं कॉन्ट्रॅक्ट. ते निम्मंही पूर्ण झालं नाही, ऑक्टोबर २०२१ मध्ये जुन्या आक्षेपार्ह ईमेल बाहेर आल्यावर त्याला राजीनामा द्यावा लागला.

माझं म्हणणं एवढंच की कोच टीव्हीवर चांगला होतो तो परतीचं दार लावून घेतल्यावर. मॅडनने १९७९ मध्ये दार लावलं आणि कडीही घातली, म्हणून तो सीबीएस, मग फॉक्स, एबीसी, एनबीसी असं करत २००९ पर्यंत बेधडक बोलू शकला. सीबीएसच्या हातातून हक्क गेले आणि १९९४ पासून मॅचेस फॉक्सकडे आल्या तेव्हा फॉक्सने मॅडनला आणि त्याचा जोडीदार पॅट समरॉल यालाही उचललं, कारण नवीन चॅनलला खेळापेक्षा खेळ सांगणारा ओळखीचा आवाज आधी हवा होता. विमानाची भीती म्हणून हा माणूस आधी ट्रेनने आणि १९८७ पासून बसने देशभर फिरायचा. आणि त्याच्या नावाचा व्हिडिओ गेम? इलेक्ट्रॉनिक आर्ट्सवाले कमी खेळाडूंचा गेम करू म्हणाले, तेव्हाच्या कॉम्प्युटरला अकरा-अकरा झेपत नव्हते, तर मॅडन म्हणाला मग तो फुटबॉलच नाही, माझं नाव लावू नका. गेम रखडला तो थेट १९८८ ला आला. आज पोरांना मॅडन म्हणजे गेम एवढंच माहितीये, तो कोच होता हे सांगावं लागतं. लपवण्याऐवजी सांगायचं ठरवलेला कोच कुठवर पोचतो ते हे.

माझ्याच म्हणण्याला छेद देणारा एक माणूस आहे, त्याला लपवणं बरोबर नाही. डिक व्हर्मील. फिलाडेल्फिया ईगल्सचा कोच, ऑफिसातच झोपायचा, १९८२ च्या सीझननंतर पार थकून बाहेर पडला. बर्नआउट हा शब्द त्याने जाहीरपणे वापरला, तेव्हा कोच लोक असलं बोलत नसत. मग १४ वर्षं टीव्हीवर. तो अॅनालिस्ट म्हणूनच ओळखला जाऊ लागला, आणि १९९७ मध्ये साठी गाठल्यावर सेंट लुईस रॅम्सकडे परत. पहिली दोन वर्षं भंगार, ५ विजय, मग ४. तिसऱ्या वर्षी १३, आणि जानेवारी २००० मध्ये टेनेसीला २३-१६ हरवून सुपर बोल. म्हणजे १४ वर्षं बाहेर राहून खेळ सुटत नाही. पण व्हर्मील १४ वर्षं उंबरठ्यावर ताटकळत बसला नव्हता, तो खरंच गेला होता, मग आला. फरक आहे, असं मला तरी वाटतं.

आत्ताचं उदाहरण कॉलेज फुटबॉलचा कोच निक सेबनचं. एलएसयू (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) कडून एक आणि अलाबामा युनिव्हर्सिटीकडून सहा, असं एकूण सात वेळा कॉलेजचं राष्ट्रीय विजेतेपद, जानेवारी २०२४ मध्ये रिटायर, आणि महिन्याभरात ईएसपीएनने जाहीर केलं की हा आता शनिवारी सकाळी कॉलेज गेमडे या शोमध्ये बसणार. हाच तो सेबन ज्याने २०१७ मध्ये मीडिया संघाचं कौतुक करतो त्याला उंदराचं विष म्हटलं होतं, खेळाडू ते खातात आणि बिघडतात म्हणून. आता तो त्याच दुकानाच्या गल्ल्यावर बसलाय. पण बसलाय छान, कारण तो हवेत बोलत नाही, तरुण खेळाडूला पैसे मिळायला लागल्यावर संघाच्या खोलीत काय बदलतं, हरल्यावर सोमवारी सकाळी कोच पोरांशी काय बोलतो, असल्या गोष्टी आतून सांगतो.

आणि बिल काउअर. पिट्सबर्ग स्टीलर्सला सुपर बोल जिंकून दिल्यावर वर्षभरात, जानेवारी २००७ मध्ये, वय ४९ असताना त्याने कोचिंग सोडलं आणि सीबीएसच्या स्टुडिओत गेला. पुढची कित्येक वर्षं सीझन संपला, कोच हाकलायची लाट आली की रिकाम्या जागांच्या यादीत काउअरचं नाव ठरलेलं, हा संघ बोलणार, तो संघ बोलणार, झालंच जवळपास. रविवार आला की काउअर त्याच टेबलामागे.